उद्ध्वस्त शहरांचा कलादिग्दर्शक

युद्धकाळावर चित्रपट काढायचा तर पोलंडच्या कलादिग्दर्शकापुढे पहिली अडचण येते ती जागेची. कथा जिथे घडली ते ठिकाणच बहुधा उरलेलं नसतं. १९४३ साली वॉर्सात जन्मलेल्या अ‍ॅलन स्टार्स्की यांचं सर्वोत्तम काम याच अडचणीतून घडलं.

घर सिनेमाचंच, वडील लुडविक स्टार्स्की नावाजलेले पटकथाकार. वॉर्साच्या ललित कला अकादमीतून बाहेर पडल्यावर अ‍ॅलन यांना दिग्दर्शक आंद्रे वायदा यांची दीर्घ साथ लाभली. 'मॅन ऑफ मार्बल', 'मॅन ऑफ आयर्न' आणि क्रांतिकाळातल्या पॅरिसचा 'दांतों' ही त्यातली ठळक नावं.

'शिंडलर्स लिस्ट'साठी (१९९३) क्राकूवजवळची प्वाशूव छळछावणी हवी होती. मूळ जागेभोवती आता उंच इमारती दिसत होत्या. म्हणून स्टार्स्कींनी शेजारच्या लिबान खाणीत छावणी उभारली: बराकी, टेहळणीचे मनोरे, काटेरी तारा. मूळ छावणी ज्यू दफनभूमीवर वसवलेली होती आणि तिथले रस्ते थडग्यांच्या दगडांनी बांधले होते. खाणीतही तसा रस्ता झाला, नकली थडग्यांचा. चित्रीकरण संपल्यावर सेटचे अवशेष तिथेच राहिले. ही खाणही नाझी काळात सक्तमजुरीची छावणी होती. त्यामुळे खऱ्या यातनांच्या खुणा आणि सिनेमाचं सामान एकाच झाडोऱ्यात पडून आहे. नवख्या माणसाला त्यातलं खरं कोणतं हे ओळखणं अवघड जातं.

चित्रपटातला घेट्टोही मूळ जागी नाही. तो होता पोदगुझेत, चित्रीकरण झालं नदीपलीकडच्या काझिमिएशमध्ये. परिणामी पडद्यावर ज्यू कुटुंबं पूल उलट दिशेने ओलांडतात. इतिहासाच्या अभ्यासकांची यावरची हरकत रास्तच आहे. पण काझिमिएशचे जुने चौक, जिने आणि लाकडी सज्जे कॅमेऱ्याला जे देतात, ते बदललेल्या पोदगुझेत मिळणं शक्य नव्हतं. स्टार्स्कींची निवड योग्यच म्हणायला हवी. या कामाचं ऑस्कर त्यांना एव्हा ब्राउन यांच्यासोबत मिळालं. खोल्यांमधलं सामानसुमान आणि त्यातून जाणवणारा माणसांचा वावर हे ब्राउन यांचं श्रेय, ते विसरता कामा नये.

रोमन पोलान्स्कींच्या 'द पियानिस्ट'मध्ये (२००२) प्रश्न आणखी बिकट होता: अख्खं शहर ढासळलेलं दाखवायचं होतं. जर्मनीत सोव्हिएत सैन्याच्या जुन्या बराकी पाडल्या जाणार होत्या. त्यांच्या ढिगाऱ्यांतून वॉर्साचे भग्नावशेष उभे राहिले. भिंत चढून नायक श्पिलमन पलीकडे पाहतो आणि दोन्ही बाजूंना नुसते सांगाडे पसरलेले दिसतात. त्या दृश्यात संवादाची गरजच पडत नाही.

पोलान्स्कींच्याच 'ऑलिव्हर ट्विस्ट'साठी (२००५) त्यांनी प्रागच्या स्टुडिओत लंडन बांधलं. कारागिरी अव्वल, पण ते शहर सजवलेलं वाटतं.

पुढच्या पिढीतल्या कातार्झिना सोबान्स्का आणि मार्सेल स्वाविन्स्की यांनी 'इडा' व 'कोल्ड वॉर'मध्ये रिकाम्या भिंतींना बोलतं करून वेगळी वाट धरली. युद्धातलं शहर उभं करण्यात मात्र स्टार्स्कींचा हात धरणारा अजून कोणी दिसत नाही. ऑस्कर 'शिंडलर्स लिस्ट'ला मिळालं असलं, तरी त्यांच्या कामाचा कळस 'द पियानिस्ट'च आहे.