गिरणीचा भोंगा आणि विडीचे सूप

मराठीत कामगार-वाङ्मयाची समीक्षा पुष्कळ झाली. परंतु तिच्या दृष्टीसमोरचा कामगार प्रायः एकच आहे. तो गिरणगावात राहतो, भोंग्याबरोबर उठतो, हजेरीपटावर त्याचे नाव असते. मामा वरेरकरांच्या ‘धावता धोटा’पासून नारायण सुर्व्यांच्या कवितेपर्यंत व तेथून जयंत पवारांच्या ‘अधांतर’ (१९९७) ह्या नाटकापर्यंत ही परंपरा चालत आली आहे. तिचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. ‘अधांतर’ हे तर आपल्या रंगभूमीवरील अव्वल दर्जाचे नाटक होय. आक्षेप आहे तो त्यावरून काढल्या जाणाऱ्या निष्कर्षावर. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी-कामगारांचा संप सुरू झाला; तो फसला; १९९१ चे नवे आर्थिक धोरण आले; आणि कामगार चळवळीचे युग संपले, असा क्रम आपल्या चर्चांतून सिद्धांताप्रमाणे गृहीत धरला जातो.

लाखनीहून पाहिले असता हा क्रम टिकत नाही. भंडारा जिल्ह्याच्या ह्या भागात भोंगा कधी नव्हताच. येथे तेंदूची पाने, तंबाखू आणि सूत ठेकेदाराकडून घरी येतात. बाई मांडीवर सूप घेऊन विड्या वळते. हजारी दराने मजुरी मिळते आणि ‘छाट’ म्हणून बाजूला काढलेल्या विड्यांची मिळत नाही. जागतिकीकरणाने नव्याने आणल्या म्हणून ज्या गोष्टी सांगितल्या जातात, म्हणजे उक्ते काम, मधला ठेकेदार, मालकाचे दृष्टीआड होणे, त्या विडीच्या धंद्यात पूर्वापार होत्या. गिरणगावाने जे गमावले ते लाखनीने कधी मिळवलेच नव्हते.

ह्या कामगाराची कथा ललित वाङ्मयात क्वचित सापडते. अनिल अवचटांनी निपाणीच्या तंबाखू-कामगार स्त्रियांवर लिहिले, तो मोठा अपवाद. एरवी ती वाचावी लागते न्यायालयीन निकालांत, आणि ते वाचन रूक्ष नाही. बिर्धीचंद शर्मा खटला नागपूरच्या विडी-कारखान्यातला. भरपगारी रजेच्या त्या वादात, मर्जीप्रमाणे येणारे-जाणारे लोकही कारखाना-कायद्याखाली ‘कामगार’च, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. पाठोपाठ शंकर बालाजी वाजे खटल्यात, जवळजवळ तशाच परिस्थितीत, विडी वळणारा ‘कामगार’ नव्हे असा निर्णय झाला. हात तेच, काम तेच. नाव मात्र एकदा मिळाले, एकदा नाकारले गेले. कारखान्यात बसणाऱ्याची ही गत, तर घरात बसणारीची काय असावयाची?

ह्या पेचातून वाट काढली ती विडी व सिगार कामगारांसंबंधीच्या १९६६ च्या कायद्याने. मालकाकडून वा ठेकेदाराकडून माल घेऊन घरी विडी वळणारी स्त्री ही कामगारच, असे त्याने मान्य केले. मालाचे वाटप, छाट आणि छाटलेल्या विड्यांची मजुरी यांवरील तंट्यांनाही त्यात स्थान मिळाले. ‘छाट’ हा शब्द विधिमंडळाच्या भाषेपर्यंत पोहोचतो, हा सूप घेऊन बसलेल्या बाईचा केवढा विजय! मालकांनी आव्हान दिले. १९७४ मध्ये मंगलोर गणेश बीडी वर्क्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कायदा उचलून धरला. चळवळीच्या आपल्या इतिहासलेखनात ह्या घटनेला गिरणी-संपाच्या दशांशही जागा मिळालेली नाही.

कामठीचे बाबू हरदास (१९०४–१९३९) यांचेही असेच झाले. ‘जय भीम’ ह्या अभिवादनाचे प्रवर्तक म्हणून त्यांचे नाव सर्वतोमुखी आहे. परंतु त्यांनी विडी-कामगारांना संघटित केले, हे दलित चळवळीच्या ग्रंथांतून कळते, कामगार चळवळीच्या ग्रंथांतून फारसे नाही. जातीचा इतिहास एका कपाटात आणि श्रमाचा दुसऱ्या, ही आमच्या विभागांची जुनीच खोड.

आज मुंबई-पुण्यात दुचाकीवरून घरोघर खाद्यपदार्थ पोचविणारा तरुण कंपनीच्या भाषेत ‘भागीदार’ असतो, आणि २०२० ची सामाजिक सुरक्षा संहिता ‘गिग’ कामगाराची व्याख्या मालक-नोकर ह्या पारंपरिक संबंधाबाहेर करते. वाजे खटल्यातला वाद येथे नव्या वेषात उभा आहे. त्याच्यावर नाटक लिहिणारा लेखक उद्या येईल; त्याचे परीक्षण करताना १९८२ हे वर्ष पुरे पडणार नाही. विडीवालीला १९६६ मध्ये मिळालेले नाव ह्या तरुणाला अद्याप मिळालेले नाही. आणि तो १९६६ चा कायदाही २१ नोव्हेंबर २०२५ पासून व्यावसायिक सुरक्षिततेच्या नव्या संहितेत विलीन झाला आहे.