‘कॅमेरापर्सन’ : छायालेखिकेचे स्मृतिकथन आणि इतरांचे दुःख

माहितीपटाच्या समीक्षेत दिग्दर्शकाचा विचार होतो. छायालेखकाच्या वाट्याला बहुधा श्रेयनामावलीतील एक ओळ येते. अमेरिकन छायालेखिका कर्स्टन जॉन्सन यांच्या ‘कॅमेरापर्सन’ (२०१६) या चित्रपटाने हा क्रम उलटा केला. ‘द ओथ’ (२०१०), ‘सिटिझनफोर’ (२०१४) यांसारख्या इतरांच्या चित्रपटांसाठी त्यांनी सुमारे पंचवीस वर्षे चित्रीकरण केले. त्यातील बोस्निया, दार्फुर, अफगाणिस्तान, येमेन, नायजेरिया येथील दृश्यखंड एकत्र करून ते आपले स्मृतिकथन म्हणून पाहावेत, असे त्या आरंभीच सुचवितात. निवेदन नाही, केवळ स्थळनामे आहेत.

एरवी संकलनात जे गाळले जाते, ते येथे मुद्दाम राखले आहे. भिंगासमोरचे गवत उपटणारा हात दिसतो, वीज चमकताच निघालेला उद्गार ऐकू येतो आणि पाठोपाठ आलेल्या शिंकेने चौकट हादरते. कॅमेऱ्यामागे देह आहे, याची ही खूण होय. काबूलमधील एका डोळ्याने अंध असलेला मुलगा भावाच्या मृत्यूची हकीगत सांगतो, तेव्हा छायालेखिकेला रडू आवरत नाही. नायजेरियातील कानो येथील प्रसूतिगृहात नवजात बालक श्वासासाठी झगडत असते आणि कॅमेरा चालूच राहतो. हा प्रसंग पाहणे अवघड आहे. समर्थन करणे त्याहून अवघड.

येथेच या चित्रपटाविषयीचा खरा आक्षेप उभा राहतो. त्या मुलाची संमती वेगळ्या चित्रपटासाठी होती. त्याचे दुःख छायालेखिकेच्या आत्मकथनाचे साहित्य कसे व्हावे? हा प्रश्न जॉन्सन यांना अपरिचित नव्हता. अफगाणिस्तानातील त्यांच्या नियोजित चित्रपटातील एका तरुणीला आपला चेहरा पडद्यावर येणे धोक्याचे वाटले. ते काम त्या स्वरूपात थांबले आणि ‘कॅमेरापर्सन’चा विचार त्यातूनच पुढे आला. म्हणजे एका नकाराचा मान राखताना जुन्या होकारांचा अर्थ मात्र विस्तारला गेला. चित्रपट ही विसंगती लपवीत नाही, पण सोडवीतही नाही.

बोस्नियातील भाग अधिक समाधानकारक आहे. फोचा येथील युद्धकालीन बलात्कार व लैंगिक दास्य हे मानवतेविरुद्धचे गुन्हे असल्याचा निर्णय हेगच्या न्यायाधिकरणाने २००१ मध्ये दिला. त्याच परिसरात परतलेल्या एका मुस्लिम कुटुंबाचे दैनंदिन जीवन कॅमेरा टिपतो : मेंढ्या, रानफळे, वृद्धेचे हसणे. अत्याचाराची स्थळे आज रिकामी, सामान्य दिसतात. एका दृश्यमालिकेत अशी विविध देशांतील स्थळे शब्दाविना समोर येतात आणि कोणत्याही भाष्यापेक्षा ती अधिक अस्वस्थ करतात. वर्षांनंतर जॉन्सन फोचाला परत जातात व त्या कुटुंबाला त्याचीच दृश्ये दाखवितात. चित्रित व्यक्ती येथे प्रथमच प्रेक्षक होते. कानोच्या त्या मातेला अशी संधी या चित्रपटात मिळत नाही.