‘ड्रेडनॉटपूर्व’ : एका वर्गनामाची चिकित्सा

कोणत्याही शास्त्रातील वर्गनाम हे वरकरणी निर्विकार वाटते; परंतु पुष्कळदा त्यात एक निवाडा दडलेला असतो, आणि नाम रूढ झाले की तो निवाडा तपासून पाहण्याची कोणास आवश्यकता भासत नाही. नौकेतिहासातील ‘ड्रेडनॉटपूर्व युद्धनौका’ ही संज्ञा या प्रकारचे एक बोलके उदाहरण होय. विसाव्या शतकाच्या आरंभी फ्रान्सने बांधलेल्या मोठ्या चिलखती नौकांची गणना सर्वत्र या संज्ञेखाली केली जाते. ही संज्ञा त्या नौकांना कितपत लागू पडते, आणि ती लावल्यामुळे त्यांच्या इतिहासातील कोणत्या गोष्टी दृष्टीआड होतात, हे पाहणे उद्बोधक ठरेल.

प्रथम शब्दाची घडण पाहावी. ‘ड्रेडनॉट’ म्हणजे कशालाही न भिणारी. ब्रिटिश आरमारात हे नाव सोळाव्या शतकापासून अनेक जहाजांना दिले गेले होते. फेब्रुवारी १९०६ मध्ये जलावतरण झालेल्या त्या नावाच्या युद्धनौकेवर एकाच व्यासाच्या, म्हणजे ३०५ मिलिमीटरच्या, दहा तोफा होत्या आणि तिला टर्बाइन यंत्रांची गती लाभली होती. तिच्या कीर्तीमुळे विशेषनामाचे सामान्यनाम झाले; त्या धर्तीची प्रत्येक नौका, मग ती कोणत्याही देशाची असो, ‘ड्रेडनॉट’ म्हटली जाऊ लागली. पुढे तेच सामान्यनाम कालगणनेचे साधन बनले आणि त्याला ‘पूर्व’ हे पद जोडून आधीच्या सर्व नौकांचा एक वर्ग कल्पिला गेला. म्हणजे ज्या नौका बांधणाऱ्यांना हे नाव ठाऊकही नव्हते, त्यांची ओळख एका परकीय जहाजाच्या अभावावरून ठरली. मराठी वाङ्मयेतिहासातील ‘शिवपूर्वकालीन’ यासारख्या शब्दांतही ‘पूर्व’ पदाची ही खोड जाणवते : ते काळ सांगते, परंतु ऐकणाऱ्यास अपूर्णता सुचविते.

बरे, काळाच्या दृष्टीने तरी ही संज्ञा काटेकोर आहे काय? ‘रेप्युब्लिक’ या फ्रेंच युद्धनौकेच्या बांधणीस १९०१ च्या अखेरीस आरंभ झाला. ती सेवेत दाखल झाली डिसेंबर १९०६ मध्ये, म्हणजे ‘ड्रेडनॉट’ ज्या महिन्यात पूर्ण सेवेत आली त्याच महिन्यात. ‘दांताँ’ वर्गातील सहा नौकांची गोष्ट तर अधिकच विचित्र आहे. त्यांची बांधणी १९०७ व १९०८ मध्ये सुरू झाली, जलावतरण १९०९ व १९१० मध्ये झाले आणि त्या १९११ मध्ये आरमारात रुजू झाल्या. त्यांना टर्बाइन यंत्रे होती. फ्रेंच युद्धनौकांत ती प्रथम त्यांच्यावरच बसविण्यात आली. तरीही त्या ‘पूर्व’च! ही विसंगती लक्षात आल्यामुळे काही अभ्यासकांनी त्यांना ‘अर्ध-ड्रेडनॉट’ म्हटले; परंतु त्यामुळे दोष दूर न होता केवळ विभागला गेला.

आता या नौकांना त्यांच्या जन्मदात्यांनी कोणती नावे दिली, ते पाहू जाता एक निराळेच चित्र दिसते. जातिवाचक फ्रेंच शब्द आहे ‘क्विरासे’. त्याचा अर्थ ‘चिलखत घातलेला’. इंग्रजी शब्द नौकेचे कार्य सांगतो, फ्रेंच शब्द तिचे आवरण सांगतो. मराठीतील ‘युद्धनौका’ हा शब्द दोहोंपेक्षा व्यापक असल्यामुळे येथे ‘चिलखती’ हे विशेषण जोडणे इष्ट ठरते. विशेषनामांचा क्रम याहून अर्थपूर्ण आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अंतिम दशकातील नौका ‘शार्लमान्य’, ‘सँ लुई’, ‘गोल्वा’, ‘सफ्राँ’ अशा होत्या : सम्राट, संत-राजा, आद्य पूर्वज आणि आरमाराचा सेनानी. यानंतर येतात ‘रेप्युब्लिक’, ‘पात्री’, ‘देमोक्रासी’, ‘झ्युस्तिस’, ‘लिबर्ते’, ‘व्हेरिते’. म्हणजे प्रजासत्ताक, पितृभूमी, लोकशाही, न्याय, स्वातंत्र्य, सत्य. ही सहाही भाववाचक नामे स्त्रीलिंगी आहेत. पितृवाचक शब्दापासून सिद्ध झालेले ‘पात्री’ हे नामदेखील त्याला अपवाद नाही. द्रेफ्यूस प्रकरणात सत्य आणि न्याय हे दोन शब्द एका पक्षाची घोषणाच बनले होते, आणि त्या प्रकरणाचा अंतिम निकाल १९०६ साली लागला, हे ध्यानात घेता या नावांमागील राजकीय स्वर ओळखू येतो. धर्मसंस्था आणि राज्य यांना विभक्त करणारा १९०५ चा कायदा याच काळातील होय. तिसरे प्रजासत्ताक आपल्या श्रद्धा पोलादावर कोरीत होते.

त्यानंतरच्या सहा नौकांत गुणांची जागा व्यक्तींनी घेतली : दांताँ, मिराबो, व्हॉल्टेअर, दिदरो, काँदॉर्से, व्हेर्न्यो. या मालिकेतील सामंजस्य केवळ नावापुरते आहे. दांताँच्या पुरस्काराने मार्च १७९३ मध्ये स्थापन झालेल्या क्रांतिन्यायालयाने त्याच वर्षी व्हेर्न्योला वधस्तंभाकडे पाठविले, आणि पुढच्या एप्रिलमध्ये खुद्द दांताँचीही तीच गत झाली. काँदॉर्से हा देहदंडाचा विरोधक; तो १७९४ मध्ये बंदिवासात मरण पावला. या सर्वांना एका रांगेत नांगरून ठेवणे हे नामकरणाचे सामर्थ्य होते, आणि त्यातील असत्यही. याच सुमारास एका चिलखती क्रूझरला सेमिटिक भाषांचा पंडित एर्नेस्त रनाँ याचे नाव मिळाले. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास त्यात कौतुकही वाटेल आणि थोडे अवघडल्यासारखेही होईल.

तात्पर्य, या नौकांना दोन नामावल्या चिकटल्या आहेत. पहिली अभिमानाची, दुसरी अवहेलनेची. पहिली त्यांना त्या नव्हत्या तितके मोठे करते, दुसरी त्यांना केवळ कालबाह्य ठरविते. दोहोंच्या मध्ये प्रत्यक्ष नौका आणि तिच्यावरील माणसे हरवतात.

प्रत्यक्ष नौकांचे दोष नव्हते असे मात्र नाही. ‘रेप्युब्लिक’ आणि ‘पात्री’ यांवर ३०५ मिलिमीटरच्या चार तोफा आणि जोडीला सुमारे १६५ मिलिमीटरच्या अठरा तोफा होत्या. ‘लिबर्ते’ वर्गात दुय्यम तोफा १९४ मिलिमीटरच्या दहा झाल्या, ‘दांताँ’ वर्गात २४० मिलिमीटरच्या बारा. दुय्यम तोफ क्रमाने मोठी होत मुख्य तोफेला भिडू पाहत होती. याचा परिणाम असा की, दूरवरच्या लक्ष्यापाशी गोळे पडून पाणी उसळले असता कोणता फवारा कोणत्या तोफेचा, हे सांगणे दुष्कर होई आणि नेम सुधारता येत नसे. ही वाट पुढे जाणारी नव्हती, हे मान्य केले पाहिजे. दुसरा दोष दिरंगाईचा. ‘ड्रेडनॉट’ची बांधणी सुरू झाल्यापासून ती सेवेत येईपर्यंत सव्वा वर्षाहून अधिक काळ लागला नाही, ‘रेप्युब्लिक’ला पाच वर्षे लागली. मोठ्या युद्धनौकांविषयी साशंक असलेले कामीय पेलताँ हे १९०२ ते १९०५ या काळात नौदलमंत्री होते, ही गोष्ट येथे विसरता येत नाही. ‘पूर्व’ हे पद जणू काळावर ठपका ठेवते. वस्तुतः तो उशीर माणसांनी केलेला होता.

तिसरा दोष सर्वांत भयंकर, आणि वर्गनामात त्याचा मागमूसही नाही. पॉल व्हिएय याने १८८४ मध्ये सिद्ध केलेली ‘पूद्र बे’ ही निर्धूम दारू फ्रान्सचा अभिमानविषय होती. परंतु साठवणीत तिचे विघटन होऊन ती आपोआप पेट घेऊ शके. १२ मार्च १९०७ रोजी तूलाँच्या गोदीत ‘येना’ या युद्धनौकेच्या दारूकोठाराचा स्फोट होऊन शंभराहून अधिक माणसे मेली. चौकशीत संशयाचे बोट या दारूकडे वळले, पुढे नौदलमंत्री गास्ताँ तोम्साँ यांना १९०८ मध्ये पदत्याग करावा लागला. तरी धोका नाहीसा झाला नाही. २५ सप्टेंबर १९११ रोजी त्याच बंदरात ‘लिबर्ते’ उडाली. मृतांची संख्या तीनशेच्या आसपास होती. चिलखताचा एक प्रचंड तुकडा उडून जवळच नांगरलेल्या ‘रेप्युब्लिक’वर आदळला. ही माणसे जुन्या धाटणीच्या नौकेमुळे मेली नाहीत. तीच दारू नव्या धाटणीच्या नौकेतही तितकीच घातक ठरली असती.

युद्धाचा पुरावाही या वर्गनामाला पुरतेपणी अनुकूल नाही. १८ मार्च १९१५ रोजी दार्दानेल्स सामुद्रधुनीत ‘बुव्हे’ सुरुंगावर आदळून काही मिनिटांतच बुडाली आणि सहाशेहून अधिक खलाशी तिच्याबरोबर गेले. परंतु त्याच दिवशी, त्याच पाण्यात, ड्रेडनॉट युगातील ‘इन्फ्लेक्सिबल’ ही ब्रिटिश नौकाही सुरुंगाने जबर जखमी झाली. आणि ‘ऑडेशस’ ही अस्सल ब्रिटिश ड्रेडनॉट तर ऑक्टोबर १९१४ मध्येच एका सुरुंगाने बुडविली होती. ‘दांताँ’ १९ मार्च १९१७ रोजी सार्डिनियाजवळ जर्मन पाणबुडीच्या पाणतीरांनी बुडाली. २९६ माणसे दगावली. पाण्याखालून येणाऱ्या घावापुढे ‘पूर्व’ आणि ‘उत्तर’ हा भेद पुष्कळसा गळून पडला होता.

या विवेचनाचा अर्थ रूढ संज्ञा टाकून द्यावी असा नव्हे. तोफखान्याच्या रचनेत १९०६ साली मोठे वळण आले, हे तिच्यातून त्वरित कळते, आणि तेवढ्यापुरती ती उपयुक्तच आहे. मराठीत मात्र या विषयाचा परिभाषाकोश घडवावयाचा झाल्यास ‘ड्रेडनॉटपूर्व’ असा शब्दशः अनुवाद करून तो निवाडाही आयात करण्याचे कारण नाही. मुख्य तोफा एकाच व्यासाच्या असतील ती ‘एकव्यासी’ आणि निरनिराळ्या व्यासांच्या असतील ती ‘मिश्रव्यासी’ चिलखती युद्धनौका, असे म्हटले असता वस्तूचे वर्णन होते, तिची निर्भर्त्सना होत नाही. शिवाय १९११ मध्ये रुजू झालेल्या ‘दांताँ’लाही त्या वर्गात विनासायास जागा मिळते.

सागरतळाच्या पाहणीत ‘दांताँ’चे अवशेष २००७ साली हाती लागले. एक हजार मीटरहून अधिक खोलीवर ती नौका सरळ बसलेली असून तिच्या तोफांचे कित्येक बुरूज अद्याप जागच्या जागी आहेत. तिच्यावर २४० मिलिमीटरच्या तोफा का बसविल्या, ती इतक्या उशिरा का पूर्ण झाली आणि तिच्याबरोबर कोण बुडाले, हेच इतिहासाचे खरे प्रश्न होत. वर्गनामाने ते प्रश्न विचारण्यास साहाय्य करावे; त्यांची उत्तरे आधीच देऊन ठेवू नयेत.