मराठी दिग्दर्शकांच्या चित्रपटांतील नृत्यसाधना : एक चिकित्सा

प्रस्तावना :
व्यावसायिक नृत्याला कला व शिस्त अशी दोन अंगे असतात. रंगमंचावर प्रेक्षकाला कला दिसते. तिच्यामागील वर्षानुवर्षांचा रियाज दिसत नाही. तो दाखविण्याची सोय चित्रपटाला आहे. मात्र कोणत्या नर्तकाची शिस्त दाखवावी, ही निवड दिग्दर्शक करतो. प्रस्तुत लेखात या निवडीचा विचार केला आहे.

विवेचन :
व्ही. शांताराम यांच्या ‘झनक झनक पायल बाजे’ (1955) या हिंदी चित्रपटात कथक ही तपश्चर्या आहे. गुरू मुलाला कठोरपणे घडवितो आणि प्रेमालाही साधनेतील अडथळा मानतो. नायक गोपीकृष्ण स्वतः कथक नर्तक होते, तर संध्या यांनी या चित्रपटासाठी त्यांच्याकडून नृत्याचे धडे घेतले. त्यामुळे शिस्त हाच कथेचा गाभा ठरतो.

सतरा वर्षांनी याच दिग्दर्शकाने, याच अभिनेत्रीला घेऊन ‘पिंजरा’ (1972) काढला. येथे मात्र शिस्त मास्तरांची आहे आणि लावणी ती मोडणारी शक्ती आहे. नर्तकी ही कला कोणाकडून व किती कष्टाने शिकली, हा प्रश्न कथेत महत्त्वाचा ठरत नाही. कथकला गुरू लाभतो. लावणीच्या वाट्याला केवळ मोह येतो.

रवी जाधव यांच्या ‘नटरंग’मध्ये (2010) तमाशातील साधनेला प्रतिष्ठा मिळाली. पैलवानी शरीराचा गुणा नाच्या होतो, हे परिवर्तन अतुल कुलकर्णी यांनी वजन वाढवून व घटवून देहावर साकारले. परंतु ही साधना पुरुषाची आहे. नर्तकीचे कौशल्य येथेही जणू उपजतच आहे.

ही उणीव सावित्री मेधातूल यांच्या ‘नटले तुमच्यासाठी’ (2008) या माहितीपटाने काही अंशी भरून काढली. त्यात संगीतबारीतील कलावंत स्त्रिया स्वतःच्या कलेविषयी व जगण्याविषयी स्वतः बोलतात.

निष्कर्ष :
नृत्याचे सौंदर्य टिपणे कॅमेऱ्याला तुलनेने सोपे आहे. श्रम टिपण्यासाठी त्या श्रमाला विद्या मानावे लागते. लावणी नर्तकीच्या बाबतीत आपल्या कथापटांनी हे क्वचितच मानले. विदर्भातील दंडार, खडी गंमत यांसारख्या कलाप्रकारांचे चित्रीकरण करणाऱ्या अभ्यासकांनीही केवळ प्रयोग न टिपता तालीम टिपावी. अन्यथा कला उरेल, पण ती घडविणाऱ्यांचे कष्ट नोंदीबाहेरच राहतील.