टॉलस्टॉयची कलामीमांसा आणि मराठी समीक्षेचे एक विस्मरण

रशियन साहित्याच्या मराठीवरील प्रभावाचा विचार सामान्यतः ललित कृतींच्या आधारे केला जातो. गोगोलच्या ‘इन्स्पेक्टर जनरल’वरून पु. ल. देशपांडे यांनी रचलेले ‘अंमलदार’, गॉर्कीशी जोडले जाणारे अण्णा भाऊ साठे यांचे नाव, चेकॉव्हच्या कथेने मराठी कथाकारांना घातलेली मोहिनी, हे या चर्चेतील नेहमीचे टप्पे होत. या पद्धतीने प्रभावाचा एक प्रकार मात्र हिशेबाबाहेर राहतो. एखादी कृती नव्हे, तर कृतीकडे पाहण्याची दृष्टीच एका भाषेतून दुसरीत येते, तेव्हा त्या प्रभावाची नोंद कोठे करावयाची? टॉलस्टॉयच्या ‘व्हॉट इज आर्ट?’ या ग्रंथाचा साने गुरुजींनी ‘कला म्हणजे काय?’ या नावाने केलेला अनुवाद हे अशा प्रभावाचे ठळक उदाहरण होय. मराठी समीक्षेने त्याची म्हणावी तशी दखल घेतली नाही.

या उपेक्षेचे एक कारण टॉलस्टॉय ज्या वाटेने मराठीत आला त्या वाटेत आहे. ‘वॉर अँड पीस’ आणि ‘ॲना कॅरेनिना’ या कादंबऱ्यांचा कर्ता म्हणून त्याची ओळख होण्याआधी गांधीविचाराचा एक पूर्वसूरी म्हणून ती झाली. गांधीजींनी 1909 च्या ‘हिंद स्वराज्य’मध्ये वाचनीय ग्रंथांत त्याच्या लेखनाला मानाचे स्थान दिले आणि 1910 मध्ये जोहान्सबर्गजवळच्या वसाहतीला त्याचे नाव दिले. महाराष्ट्रात हा विचार वर्ध्याच्या आश्रमीय परिसरातून आणि सत्याग्रहींच्या तुरुंगवासातून पसरला. 1932 साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांची गीता-प्रवचने लिहून घेणारे साने गुरुजी याच वातावरणात घडले होते. परिणामी टॉलस्टॉयकडे एक ऋषितुल्य पुरुष म्हणून पाहिले गेले. आणि ऋषीच्या वचनांची चिकित्सा करण्याची आपल्याकडे फारशी रीत नाही.

अनुवाद इंग्रजीच्या आधारे झाला, एवढ्यावरून त्याला दुय्यम लेखणेही योग्य नव्हे. रशियातील सेन्सॉरने मूळ ग्रंथात फेरफार केले होते. 1898 मध्ये ॲल्मर मॉड यांचे इंग्रजी भाषांतर सिद्ध झाले, तेव्हा हा ग्रंथ प्रथमच खऱ्या स्वरूपात प्रसिद्ध होत आहे, अशी ग्वाही खुद्द टॉलस्टॉयने दिली होती.

ग्रंथाचा आरंभ एका संगीतिकेच्या तालमीने होतो. तिचे कथानक एका हिंदी राजाच्या विवाहाचे आहे, आणि असे हिंदी लोक कधी नव्हते व असणारही नाहीत, असा शेरा टॉलस्टॉय मारतो. परंतु त्याचे खरे लक्ष रंगमंचामागे राबणाऱ्या कामगारांकडे आणि अपमान सोसणाऱ्या गायक-नर्तकांकडे आहे. हे सारे श्रम ज्या कलेसाठी खर्ची पडतात ती कोणाची, आणि तिचा भार वाहणाऱ्यांना तिच्यातून काय मिळते, हा त्याचा पहिला प्रश्न आहे. सौंदर्याची व्याख्या त्यानंतर येते, आणि तीही तो नाकारतो. स्वतः अनुभवलेली भावना बाह्य चिन्हांच्या द्वारे जाणीवपूर्वक दुसऱ्यापर्यंत पोहोचविणे आणि त्या भावनेची लागण दुसऱ्याला होणे, हे त्याच्या मते कलेचे लक्षण होय. भावनेचे वैशिष्ट्य, अभिव्यक्तीची सुस्पष्टता आणि कलावंताचा प्रामाणिकपणा या तिच्या तीन अटी. उसनवारी, अनुकरण, चमत्कृती आणि निव्वळ कुतूहल यांवर उभी असते ती बनावट कला. या कसोटीला उतरली नाही म्हणून बीथोव्हेनची नववी सिंफनी त्याने बाजूला सारली. आणि स्वतःच्या साहित्यापैकी ‘गॉड सीज द ट्रूथ, बट वेट्स’ व ‘अ प्रिझनर ऑफ द कॉकेशस’ या दोन लहान कथाच काय त्या चांगल्या कलेत धरल्या.

मराठीत याच सुमारास ना. सी. फडके आणि वि. स. खांडेकर यांच्या नावांनी ओळखला जाणारा ‘कलेसाठी कला की जीवनासाठी कला’ हा वाद रंगला होता. त्या वादाच्या चौकटीत टॉलस्टॉयला साहजिकच ‘जीवनवादी’ पक्षात बसविले गेले. वस्तुतः त्याचा प्रश्न या द्वंद्वात मावणारा नाही. कलेने बोध करावा की आनंद द्यावा, यापेक्षा कला कोणाला एकत्र आणते आणि कोणाला दाराबाहेर ठेवते, हे त्याला महत्त्वाचे वाटते. जीवनवादी समीक्षेने त्याचा नैतिक निष्कर्ष उचलला. त्यामागील संक्रमणाची मीमांसा मात्र सोडून दिली. पुढे मर्ढेकरांच्या सौंदर्यविचाराने लयीचे तत्त्व पुढे आणल्यावर भावसंक्रमणाचा प्रश्नच मागासलेला ठरला.

ही मीमांसा मराठीत कोठे जिवंत राहिली असेल तर ती ‘श्यामची आई’मध्ये. 1933 साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलेल्या आणि 1935 मध्ये प्रसिद्ध झालेल्या या पुस्तकाची रचनाच संक्रमणाची आहे. श्याम रात्रीमागून रात्री आश्रमातील सोबत्यांना आठवणी सांगतो, ते ऐकतात, हेलावतात आणि दुसऱ्या रात्रीची वाट पाहतात. लांडग्याची गाठ पडलेला मुलगा आपली भीती श्रोत्यांना जाणवून देतो, हे टॉलस्टॉयने दिलेले कलेचे आद्य उदाहरण. श्यामचे कथन त्याच जातीचे आहे. तो मुलगा लांडगा न पाहताही भीती कल्पून ती संक्रमित करू शकतो, अशी पुस्तीही टॉलस्टॉय जोडतो. तेव्हा प्रामाणिकपणाचा अर्थ घटनांची सत्यता असा नाही. ‘श्यामची आई’ आत्मचरित्र की कादंबरी, या चर्चेत खर्च झालेली शक्ती या दृष्टीने पाहता अनाठायी होती.

येथे रसविचाराशी असलेला भेदही लक्षात घेतला पाहिजे. साधारणीकरणात भाव व्यक्तीपासून सुटतो. तो कवीचा राहत नाही आणि रसिकाचाही राहत नाही. टॉलस्टॉयच्या मते सांगणारा आणि ऐकणारा यांच्यातील अंतर नष्ट होते, पण भावनेवरील सांगणाऱ्याची मुद्रा पुसली जात नाही. ‘श्यामची आई’वर होणारा भावविवशतेचा आरोप रसव्यवस्थेच्या दृष्टीने समर्थनीय वाटतो. टॉलस्टॉयच्या दृष्टीने मात्र अश्रू आले की नाही हे गौण ठरते, आणि त्या अश्रूंनी कोण कोणाशी जोडले गेले हा प्रश्न उरतो.

नेमक्या याच प्रश्नापाशी कृतीची आणि सिद्धान्ताचीही मर्यादा उघड होते. एका महार म्हातारीच्या डोक्यावर लाकडांची मोळी चढवून देण्यास आई श्यामला पाठविते. प्रसंग करुणेने भारलेला आहे. पण घरी आल्यावर आंघोळ करण्याची सोय त्यात शाबूत राहते. भावना ओलांडते ती सीमा आचार पुन्हा आखतो. वाचकाला लागण होते ती श्यामच्या करुणेची. म्हातारीच्या अनुभवाची नव्हे. 1947 साली पंढरपूरच्या मंदिरप्रवेशासाठी उपोषण करणारे साने गुरुजी या सीमेच्या कितीतरी पुढे गेले होते, हे खरेच. तथापि कृतीचे मूल्यमापन कर्त्याच्या चरित्राने करता येत नाही.

त्या म्हातारीच्या बाजूने बोलणारे साहित्य आले तेव्हा टॉलस्टॉयची व्याख्या एकाच वेळी खरी ठरली आणि अपुरीही पडली. पृथ्वी शेषाच्या मस्तकावर नव्हे, तर दलित-श्रमिकांच्या तळहातावर तोलली आहे, असे 1958 च्या पहिल्या दलित साहित्य संमेलनात अण्णा भाऊ साठे यांनी सांगितले. संगीतिकेच्या रंगमंचामागे पाहणाऱ्या टॉलस्टॉयच्या प्रश्नाचेच हे दुसरे रूप होय; फरक एवढाच की येथे प्रश्न उमराव विचारीत नाही, भार वाहणारा विचारतो आहे. बाबूराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ (1963) मधील भावना वैशिष्ट्यपूर्ण, सुस्पष्ट आणि प्रामाणिक आहे. तिन्ही अटी ती पुरेपूर पाळते. परंतु ती लगेच कोणाला जोडीत नाही. जे जोडलेले नाहीत ते तसे नाहीत, हे ती प्रथम दाखवून देते. ऐक्य हे कलेचे फळ मानणाऱ्या टॉलस्टॉयला या पायरीची कल्पना नव्हती. खोट्या ऐक्याचा भंग हीदेखील खऱ्या ऐक्याची पूर्वअट असू शकते, ही भर त्याच्या मीमांसेत मराठी दलित साहित्य घालते.

‘कला म्हणजे काय?’ हा अनुवाद केवळ साने गुरुजींच्या ग्रंथसूचीतील एक नोंद म्हणून उरू नये, तो याचसाठी. फडके-खांडेकर वाद, ‘श्यामची आई’ आणि दलित साहित्य यांचे अध्यापन आज तीन वेगळ्या प्रकरणांत होते. टॉलस्टॉयचा ग्रंथ मध्ये ठेवला की तिन्हींना एकच प्रश्न विचारता येतो: ही कला कोणाच्या श्रमावर उभी आहे, आणि तिच्या वर्तुळात कोणाला जागा आहे? या प्रश्नाला मराठीने दिलेले उत्तर टॉलस्टॉयच्या उत्तराहून निराळे आहे. प्रभावाच्या अभ्यासाने शोधावयाचे असते ते हे निराळेपण.