हिस, पोलारिस आणि ‘हूं’ म्हणणारा माणूस

(‘कंट्रोल’ आणि ‘अ‍ॅलन वेक’चे दोन्ही भाग खेळायचे बाकी असतील तर इथेच थांबा. पुढे सगळं फोडलंय.)

‘कंट्रोल’मध्ये जेसी फेडन न्यूयॉर्कमधल्या एका विचित्र सरकारी इमारतीत शिरते. आतले बहुतेक कर्मचारी हवेत तरंगत, एका सुरात अर्थ न लागणारी वाक्यं पुटपुटत असतात. त्यांना ‘हिस’ने धरलंय. हिस म्हणजे एक रेझोनन्स, एक फ्रिक्वेन्सी, जी ऐकणाऱ्याच्या डोक्यात स्वतःचा मजकूर भरते. जेसीला तो बाधत नाही, कारण लहानपणापासून तिच्यासोबत दुसरी एक फ्रिक्वेन्सी आहे, पोलारिस. रेमेडी या फिनिश कंपनीने २०१९ मध्ये आणलेला हा गेम आणि त्यांचाच २०१०चा ‘अ‍ॅलन वेक’ एकाच विश्वात घडतात. त्या विश्वाचा नियम असा, की लिहिलेली गोष्ट आणि वास्तव यांच्यात एक कंपन असतं. सूर जुळला तर कागदावरचं खरं होतं.

कल्पना भन्नाट आहे. तक्रार एवढीच, की ‘रेझोनन्स’ हा शब्द निवडणाऱ्यांनाच तो मधूनमधून विसरायला होतो.

इंजिनिअरिंगच्या व्हायब्रेशन लॅबमध्ये आम्ही एक साधा प्रयोग करायचो. मोटरचा वेग हळूहळू वाढवत न्यायचा. एका ठराविक वेगाला समोरची पट्टी वेड्यासारखी हलायला लागते, त्याच्या अलीकडे-पलीकडे जवळजवळ स्वस्थ असते. कारण पट्टीची स्वतःचीही एक फ्रिक्वेन्सी असते. म्हणजे रेझोनन्सला दोघं लागतात, हलवणारा आणि हलणारा. हलणाऱ्याकडे स्वतःचं काही नसेल तर तुम्ही कितीही जोर लावा, फार काही होत नाही. (याच तासाला टॅकोमा नॅरोज पुलाचा १९४०चा व्हिडिओ दाखवतात. तो पूल खरं तर साध्या रेझोनन्सने पडला नाही, फ्लटरने पडला. पुलाची हालचालच वाऱ्यातून आणखी ताकद ओढत गेली. मला हिस तसाच वाटतो. कुणाला काही सांगायचं नाही, नुसतं स्वतःवर वाढत जायचं.)

‘कंट्रोल’ला हे कळतं तेव्हा तो फार वर जातो. शेवटाजवळ हिस हेड्रॉनला संपवतो. हेड्रॉन म्हणजे जिला आपण आतापर्यंत पोलारिसचा उगम समजत होतो ती. आणि अचानक श्रेयनामावली सुरू होते. मी कंट्रोलर खाली ठेवला होता. मग नावंच बिघडायला लागतात, आणि जेसी त्याच इमारतीत शिकाऊ मदतनीस म्हणून जागी होते. फोटोकॉपी काढ, टपाल वाट, कॉफीचे कप गोळा कर. पुन्हा तेच. राक्षस नाही, रक्त नाही. हिसने तिच्यासाठी एक बरी, चालण्याजोगी गोष्ट लिहून टाकलीय आणि तिने फक्त त्यात राहायचंय. आयटीत पाच वर्षं काढलेल्या माणसाला हा प्रसंग कुठे लागतो ते मी सांगत बसत नाही. त्यातून जेसी सुटते, कारण पोलारिस बाहेर कुठे नव्हतीच, तिच्यातच होती. पट्टीची स्वतःची फ्रिक्वेन्सी.

म्हणूनच २०२०च्या ‘एडब्ल्यूई’ या जोडभागावर माझा राग आहे. त्यात तळ्याखालच्या अंधारात अडकलेला लेखक अ‍ॅलन सुचवतो, की हे सगळं संकट कदाचित आपणच लिहिलं. आपल्याला नायक हवा होता. ‘कदाचित’ हा शब्द सांभाळून ठेवलाय, पण एकदा शंका पेरली की जेसीची सतरा वर्षांची वणवण एका माणसाच्या सुटकेच्या कथानकातलं पात्र होऊन जाते. हा रेझोनन्स नाही, हुकूम आहे. आणि पहिला ‘अ‍ॅलन वेक’ याहून शहाणा होता. त्यात कवी झेन आपल्या मेलेल्या प्रेयसीला लिहून परत आणू पाहतो आणि तिचा चेहरा घेऊन भलतंच काहीतरी येतं. अ‍ॅलनलाही बायको सोडवायची तर स्वतः तळाशी राहावं लागतं. लिहिणाऱ्याला किंमत पडते.

श्रावणातल्या रविवारी आजी मला आदित्यराणूबाईची कहाणी ऐकायला बसवायची. हातात तांदूळ द्यायची आणि मी खिडकीबाहेर बघायला लागलो की म्हणायची, “अरे, हूं म्हण की.” तेव्हा कंटाळा यायचा. आता वाटतं, त्या कहाणीतला नियम रेमेडीपेक्षा पक्का आहे. थोरल्या लेकीला कहाणी ऐकायला वेळ नसतो, तिच्या घरी दारिद्र्य येतं. पुढे तिलाच कहाणी सांगायची वेळ येते तेव्हा ती उपाशी माणूस शोधत फिरते. मोळीविक्या ऐकतो, त्याची मोळी सोन्याची होते. माळी ऐकतो, त्याच्या विहिरीला पाणी लागतं. कहाणी सांगणाऱ्याचं एकट्याचं काहीच चालत नाही. ती वास्तवाला धरते ती ऐकणाऱ्याच्या बाजूने. मोळीविक्याला कुणी लिहिलेला नाही. तो रस्त्याने चाललाय, त्याला त्याची भूक आहे, आणि तो ‘हूं’ म्हणायचं ठरवतो.

आजीच्या नियमात एक भोक आहे, हेही खरं. ‘नको’ म्हणणाऱ्याला तिथे शिक्षा होते. जेसीच्या ‘नको’ला कहाणीत जागा नाही.

ती जागा २०२३च्या ‘अ‍ॅलन वेक २’मध्ये सागा अँडरसनला मिळाली. ती एफबीआयची एजंट. तपासासाठी एका गावात येते आणि गावकरी तिला ओळखू लागतात. तू इथलीच, तुझी मुलगी बुडून गेली, असं हळहळून सांगतात. अ‍ॅलनच्या हस्तलिखिताने तिचं आयुष्य बदलायला घेतलंय. सगळ्या गावाची आठवण एकीकडे आणि ही एकटी एकीकडे. माझी मुलगी जिवंत आहे, एवढंच ती धरून ठेवते. तिच्याकडे पोलारिस नाही. शेवटी ती मुलीला फोन लावते. रिंग वाजत राहते, आणि पलीकडून कुणी काही बोलायच्या आत दृश्य तुटतं.