गैरहजर कोण?

संपादक दोस्तानं पत्र टाकलं, कवितेवर समीक्षा लिही म्हणून. लिहितो. पण माझ्यापुढची ओळ कुणा कवीची नाही, कोर्टाच्या रोजनाम्यातली आहे : 'अपीलकर्ता व वकील गैरहजर. पाठपुरावा नाही. अपील खारीज.' दहा शब्दसुद्धा नाहीत, आणि माणूस पाच-सात वर्षं आत जातो. प्रस्थापितांच्या मासिकांत अल्पाक्षरत्वाचं फार कौतुक असतं. घ्या!

त्यातला 'गैरहजर' हा शब्द बघा. चोपड्याच्या माणसाचा सत्र खटला अमळनेर नाहीतर जळगावला. शिक्षा लागली की अपील औरंगाबाद खंडपीठात. शहराचं नाव आता छत्रपती संभाजीनगर, एस.टी.चा रस्ता तोच, जळगाव, अजिंठ्याचा घाट, सिल्लोड. सूतगिरणीत एक खाडा म्हणजे एक हजेरी गेली. अपील बोर्डावर कधी लागेल ते वर्षानुवर्षं कळत नाही. फी थकली की वकीलही कळवत नाही. त्याला गैरहजर कुणी ठेवलं, हे लिहायला त्या ओळीत जागाच नसते.

आणि मित्रांनो, ही ओळ कायद्यात बसत नाही. दिवाणी अपील गैरहजेरीनं काढता येतं, आदेश ४१, नियम १७. बांधाच्या भांडणाला ते चालत असेल. फौजदारीला तसा नियम नाही. १९७३ च्या संहितेचं कलम ३८६, आणि १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ४२७, म्हणतं : कागद बघा, हजर असेल त्याचं ऐका, मग निकाल द्या. १९९६ साली 'बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश'मध्ये सुप्रीम कोर्टानं हेच ठरवलं. अलाहाबाद हायकोर्टानं असंच काढून टाकलेलं अपील परत पाठवलं.

इथवर टाळ्या. पण त्याच निकालात पुढं असंही आहे की वकील आला नाही तर तारीख द्यायला कोर्ट बांधील नाही, न्यायाधीशानं नुसते कागद वाचून निकाल दिला तरी चालतो. इथं माझं भांडण आहे. कागद कुणाचे? पंचनामा पोलिसाचा. साक्षीदार बाई अहिराणीत बोलली, ते कोर्टात मराठीत उतरलं, हायकोर्टात जाताना इंग्रजी झालं. ती दबून बोलली की चिडून, ते कुठंच उरलं नाही. असे कागद एकट्यानं वाचले म्हणजे ऐकलं असं होत नाही. २०११ साली 'सुकूर अली विरुद्ध आसाम'मध्ये वकिलाशिवाय फौजदारी अपील ठरवू नये असं आलं होतं. २०१३ साली 'पांडुरंग विरुद्ध कर्नाटक'मध्ये बनी सिंग पुढं करून ते बाजूला सारलं. मला सुकूर अलीचाच निकाल पटतो.

आपल्या महाराष्ट्रातलं होसकोट प्रकरण १९७८ चं. हायकोर्टाच्या निकालाची नक्कल येरवड्याला गेली, पण कैद्याला मिळाल्याची त्याची सही कुठं नव्हती. न्या. कृष्ण अय्यर यांनी सांगितलं, नक्कल फुकट द्या, कैद्याकडून लेखी पोच घ्या, वकील परवडत नसेल तर तो द्या. एका सहीवर एवढं अडतं. माझ्या लेखी हा निकाल वाङ्मय म्हणूनही वाचावा असा आहे.

वस्तीत कुणाचं अपील पडून असेल तर आधी त्याचा नंबर लिहून घ्या, रोजनाम्याची नक्कल मागा. १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ नं अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला आणि कोठडीतल्याला, उत्पन्न न बघता, सरकारी खर्चानं वकील मागता येतो. अर्ज तालुक्याच्या कोर्टातच, विधी सेवा समितीकडे द्यायचा. पोच घ्या.